सलगम आणि दुसरी सुरी

फ्रेंच शिकायला लागून सहा महिने झाले होते. म्हणजे अज्ञान थोडं गेलं होतं आणि आगाऊपणा पुरेसा आला होता. त्या सुमारास एका फ्रेंच चित्रपटाचं परीक्षण मराठीत उतरवण्याचा गृहपाठ मिळाला. त्यातलं शेवटचं वाक्य मी शब्दकोश मांडीवर घेऊन असं लिहिलं : 'थोडक्यात, हा चित्रपट म्हणजे एक सलगम आहे.' वर्गात वाचून दाखवलं. बाई हसल्या नाहीत. हसल्या असत्या तर बरं झालं असतं. त्या गंभीरपणे म्हणाल्या, "बरोबर आहे."

आपल्याकडे चित्रपट पडतो, आपटतो, झोपतो. फ्रेंच माणूस त्याला भाजीच्या टोपलीत टाकतो. टाकाऊ चित्रपटाला तो म्हणतो 'नावे', आणि नावे म्हणजे सलगम. बिचाऱ्या सलगमाने त्यांचं काय वाकडं केलं होतं कोण जाणे. बरं, स्वयंपाकघर तिथेच संपत नाही. रंगभूमीवर नाटक पडलं की त्याला 'फूर' म्हणायचं, म्हणजे भट्टी. जुन्या काळी प्रेक्षक आले नाहीत की दिवे मालवत आणि नाट्यगृह भट्टीच्या पोटासारखं अंधारं होई, म्हणून भट्टी, असं सांगतात. दुय्यम भूमिका करणारा नट म्हणजे 'सगों कुतो', दुसरी सुरी. नटाचं मानधन म्हणजे 'काशे', आणि औषधाची गोळीही काशेच. थोडक्यात फ्रान्समधल्या सामान्य नटाचं आयुष्य असं : दुसऱ्या सुरीने सलगम चिरायचं, भट्टीत घालायचं, आणि मग गोळी घ्यायची.

सलगमाचं एवढं निरूपण झाल्यावर बाईंनी एक नाव फळ्यावर लिहिलं. मिशेल गालाब्रू. म्हणाल्या, "याने जितकी सलगमं केली तितकी फ्रान्सच्या शेतकऱ्यांनी पिकवली नसतील. पण याला बघाच."

त्या 'पण'साठी मी गेली कित्येक वर्षं गालाब्रू बघतो आहे. (त्याला अरेतुरे करतो आहे, कारण आवडत्या नटाला अहो-जाहो केलं की तो शेजारचा निवृत्त मामलेदार वाटायला लागतो.) अडीचशेच्या वर चित्रपट, शिवाय नाटकं, शिवाय दूरचित्रवाणी. मी त्यातले फार तर तीसेक पाहिले असतील. सगळे पाहायचे म्हटलं तर नोकरी सोडावी लागेल, आणि ते ऐकून घरचे मला कोणत्या भाजीचं नाव देतील, ते लिहिण्यासारखं नाही.

हा माणूस जन्मला 1922 साली, मोरोक्कोतल्या साफी नावाच्या बंदरात. मोरोक्को तेव्हा फ्रेंचांच्या ताब्यात होता. मुलाच्या डोक्यात आधी फुटबॉल आणि मग नाटक. मध्ये महायुद्ध आलं, जर्मनांनी फ्रेंच तरुणांना सक्तीच्या मजुरीला नेलं, त्यात हाही गेला. परत आला आणि पॅरिसमध्ये नाट्यशिक्षण घेऊन 1950 साली थेट कोमेदी फ्रांसेझमध्ये दाखल झाला. कोमेदी फ्रांसेझ म्हणजे 1680 सालापासून चालत आलेली नाटक मंडळी, मोलिएरचं घर. मोलिएर आपल्यालाही अगदीच परका नाही. हरिभाऊ आपट्यांनी त्याच्या एका वैद्याला 'मारून मुटकून वैद्यबुवा' करून मराठी बाराबंदी चढवली होती.

अशा घरात माणसाने काय करावं? पाय पसरून बसावं. दर महिन्याला पगार, डोक्यावर मोलिएरचा वरदहस्त आणि शेवटी मानाचा नारळ. गालाब्रू सात वर्षांनी तिथून बाहेर पडला आणि मिळेल ते काम करायला लागला. 'मिळेल ते' हे शब्दशः. सुरुवातीच्या काळातल्या त्याच्या एका चित्रपटाचं नावच 'माझी बायको, माझी गाय आणि मी' असं आहे. यातला 'मी' कोण असेल असं कुणाला वाटत असेल तर सांगतो, 'मी' दुसराच होता. गालाब्रू त्याही खालच्या पाटावर.

इथे मला आमच्या बापूकाकांची आठवण येते. काका राज्य नाट्यस्पर्धेच्या काळातले गावातले सर्वांत गुणी नट, असं त्यांचं मत होतं आणि ते खोडून काढण्याची संधी त्यांनी कुणालाच दिली नाही. शिपायाची भूमिका आली, नाही. सासऱ्याची आली, नाही. "'नटसम्राट'मधले बेलवलकर आले तर तोंडाला रंग लावीन," असं ते म्हणत. बेलवलकर आले नाहीत. काका चाळीस वर्षं ओसरीवर बसून लोकांच्या भूमिकांतल्या चुका काढत राहिले. चुका अचूक काढायचे, हेही खरं. त्यांचा 'नाही' ऐकताना आम्हां मुलांना फार भारी वाटायचं. नकारात एक रुबाब असतोच. होकार मात्र नेहमी बाजारहाट केल्यासारखा, पिशवी हातात धरलेला दिसतो.

गालाब्रूच्या हातात कायम पिशवी. आपण पैशासाठी वाटेल त्या चित्रपटात कामं केली, हे तो मुलाखतींतून लपवत नसे. उलट आपल्या सलगमांच्या गोष्टी रंगवून सांगायचा. घर चालवायचं होतं, पोरंबाळं होती, आणि शिवाय 'नाही' म्हणणं त्याच्या जिवावर यायचं. पुढे त्याने पॅरिसमध्ये मोंमार्त्रला स्वतःच्या नावाचं चिमुकलं नाट्यगृह काढलं आणि तिथे तरुणांना शिकवू लागला. नाट्यगृह म्हणजे तर रोजचं पोसणं. हत्ती पाळलेल्या माणसाला उसाच्या फडाकडे नाक मुरडून चालत नाही.

1964 साली त्याला एक जाड मिशी आणि एक टोपी मिळाली. 'सां त्रोपेचा जांदार्म', म्हणजे शिपाई, हा तो चित्रपट. भूमध्य समुद्राकाठचं सां त्रोपे हे सुंदर गाव, तिथली शिपाईचौकी, किनाऱ्यावर कपडे न घालता ऊन खाणारे लोक आणि त्यांना पकडायला झुडपांतून रांगणारे शिपाई. एवढ्या भांडवलावर चित्रपट त्या वर्षी फ्रान्समध्ये पहिल्या क्रमांकाचा ठरला, पाऊण कोटीहून जास्त तिकिटं खपली. नायक लुई द फ्युनेस. फोडणीत मोहरी तडतडते तसा हा माणूस अडीच-तीन मिनिटं सलग तडतडू शकायचा. गालाब्रू त्याचा वरिष्ठ, ॲडज्युटंट जेर्बेर. द फ्युनेसचा क्रुशो वरच्यापुढे गोगलगाय आणि खालच्यांसाठी वाघ. सरकारी कचेरीत ज्याने एक दिवसही काढला आहे त्याला हे फ्रेंचशिवाय कळतं.

या मालिकेचे सहा भाग निघाले, 1982पर्यंत. चौकीतल्या शिपायांनी न्यूयॉर्क पाहिलं, परग्रहावरच्यांना तोंड दिलं. एक जोगीण आपली टिनपाट सित्रोएन मोटार अशी हाकायची की शेजारी बसलेल्याला स्वर्गाचं दार दिसावं. समीक्षकांनी सलगमांचा भाव लावला. मीही हे चित्रपट पाहताना आधी द फ्युनेसकडेच बघत होतो, तिथेच बघायचं असतं. तिसऱ्यांदा पाहताना मात्र एकदा नजर गालाब्रूकडे वळली. समोरचा माणूस चेहऱ्याच्या चौदा घड्या करतो आहे, हात हेलिकॉप्टरसारखे फिरवतो आहे, आणि गालाब्रू नुसता उभा. एक भुवई जरा वर. गाल हळूहळू फुगतो आहे. आपण साहेब आहोत की नाही याबद्दल त्या डोळ्यांत एक शंका येते आणि जाते. तबलजीने ठेका सोडला तर गवयाची तान जाऊन पडणार कुठे? गालाब्रू ठेका धरून होता. अठरा वर्षं.

सां त्रोपेच्या त्या चौकीत आता संग्रहालय झालं आहे, शिपाई आणि सिनेमा या दोघांचं मिळून. उघडलं 2016 साली.

या सगळ्या धबडग्यात कुणाला वाटेल का, की याच्याकडे बघून एखाद्या दिग्दर्शकाला खुनी आठवेल? बेर्त्रां तावेर्नियेला आठवला. 1976 सालचा त्याचा चित्रपट, 'न्यायाधीश आणि खुनी'. मूळ प्रकरण खरं. जोसेफ व्हाशे नावाचा एक माजी सैनिक 1890च्या दशकात फ्रान्सभर पायी भटकत गुराखी पोरांचे, पोरींचे खून करत सुटला होता. 1898 सालच्या शेवटच्या दिवशी त्याचं डोकं उडवलं गेलं. चित्रपटात त्याचं नाव बूव्हिये. प्रेमभंगातून त्याने प्रेयसीवर गोळ्या झाडल्या आणि मग स्वतःवर, पण मेला नाही. गोळ्या कवटीतच राहिल्या. डोक्यात शिसं घेऊन हा माणूस डोंगरदऱ्यांतून चालत सुटतो. देवाशी बोलतो, रडतो, शिव्या घालतो, मारतो.

मी हा चित्रपट पाहायला बसलो तेव्हा हातात दाण्यांची वाटी होती. सवयच तशी लागली होती, गालाब्रू म्हणजे दाणे. पहिल्या दहा मिनिटांत वाटी खाली ठेवली. तोच गाल, तीच भुवई, तोच घोगरा आवाज. काही म्हणजे काही बदललेलं नव्हतं, आणि तरी अंगावर काटा येत होता. साहेबाच्या डोळ्यांत जी शंका चमकून जायची ना, 'मी कोण आहे हे यांना कळलंय का?', तीच इथे होती. तिथे तिला हसलो होतो.

समोर न्यायाधीश आहे फिलिप न्वारे. गोड बोलून, पाठीवर हात ठेवून तो बूव्हियेचा विश्वास मिळवतो आणि त्याला वेडा ठरू देत नाही, कारण वेड्याला देहदंड होत नाही आणि देहदंड झाला नाही तर बढती होत नाही. शेवटी पडद्यावर एक हिशेब येतो. या खुन्याने मारलेली मुलं बारा. त्याच वर्षांत खाणींत आणि रेशमाच्या गिरण्यांत मेलेली पंधरा वर्षांखालची मुलं अडीच हजारांहून जास्त. तावेर्नियेचा न्यायाधीश कोण आणि खुनी कोण, हा प्रश्न तिथे उलटा होऊन पडतो. दाणे मी दुसऱ्या दिवशी खाल्ले.

या भूमिकेसाठी गालाब्रूला 1977 साली सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा सेझार मिळाला. सेझार म्हणजे फ्रान्सचा ऑस्कर, तो आदल्याच वर्षी सुरू झाला होता. पहिल्या वर्षीचा मान गेला होता फिलिप न्वारेला. म्हणजे आधी न्यायाधीशाला, मग खुन्याला. क्रमाने. मला जास्त मौज वाटते ती त्या बाहुलीची. सेझार हे एका शिल्पकाराचं नाव. मोटारी, पत्रे, भंगार यंत्रात घालून दाबायचं आणि त्याचा ठोकळा करायचा ही त्याची कला, आणि बक्षीसही तशाच दाबलेल्या धातूचा ठोकळा आहे. गालाब्रूने तो हातात घेतला तेव्हा त्याला त्यात ओळखीची भाजी दिसली असेल का, असं उगीच मनात येतं. पंचवीस वर्षांचं भंगार चांगलं दाबून कुणीतरी त्याच्या हातात दिलं होतं.

आता शहाण्या माणसाने काय केलं असतं? सेझार दिवाणखान्यात ठेवून सलगमांना दार बंद केलं असतं. गालाब्रूने पुन्हा पिशवी उचलली. 1978 साली 'ला काज ओ फोल' आला. त्यात तो देशाची नीतिमत्ता वाचवायला निघालेला कडक पुढारी झाला, आणि शेवटी बातमीदारांना चुकवण्यासाठी त्याला बाईचे कपडे घालून, रंगरंगोटी करून बाहेर पडावं लागतं. हा चित्रपट जगभर चालला, हॉलिवूडने पुढे तो पुन्हा काढला. त्याच्या पुढेमागे काय काय आलं याची यादी वाचताना घोडं मेलं ओझ्यानं आणि शिंगरू मेलं हेलपाट्यानं अशी वाचकाची अवस्था होते. मधूनच मोलिएरचा मस्यू जूर्दां. गेली चाळीस वर्षं आपण नकळत गद्य बोलत होतो, हे कळल्यावर हरखून जाणारा तो गडी. मग पुन्हा काहीतरी पोलिसबिलिस.

दूरचित्रवाणीवर 'ओ तेआत्र स स्वार' नावाचा कार्यक्रम होता, 'आज संध्याकाळी नाटकाला'. पॅरिसमधली हलकीफुलकी नाटकं थेट नाट्यगृहात चित्रित करून घरोघरी दाखवायची. नेपथ्य आणि वेशभूषा करणाऱ्या जोडगोळीची नावं दर वेळी इतक्या इमानाने जाहीर व्हायची की अख्ख्या देशाला ती पाठ झाली. त्यातही गालाब्रू असायचा. दारं उघडतात, दारं मिटतात, कपाटात कुणीतरी लपतं आणि चुकीच्या क्षणी गालाब्रू आत येतो. दारातून आत येणं ही किती मोठी कला आहे हे त्याच्याकडे बघून कळतं. आमचे बापूकाका घरात येत तेव्हाही सगळे गप्प व्हायचे, पण त्याची कारणं वेगळी होती.

आपल्याकडे 'पाट्या टाकणं' असा एक छान शब्दप्रयोग आहे. मजुरीचा हिशेब पाट्यांवर, मग भरल्या काय, अर्ध्या काय. अडीचशे चित्रपट करणारा माणूस पाट्या टाकत असणारच, असं मीही धरून चाललो होतो. मग एक अगदी रद्दी चित्रपट पाहिला. नाव सांगत नाही, केविलवाणं आहे. कथा नाही, विनोद नाही, बहुधा दिग्दर्शकही नव्हता. पण गालाब्रू एका जागी पत्राचं पाकीट उघडतो. त्याला ते उघडत नाही. तो ते दातांनी फाडायला जातो, मग आजूबाजूला बघतो, मग सभ्य माणसासारखं पुन्हा बोटांनी. अर्धं मिनिट. त्या अर्ध्या मिनिटाचे पैसे त्याला वेगळे मिळाले नसणार. कोंड्याचा मांडा करणाऱ्या बायका आपण सगळ्यांनी पाहिल्या आहेत, त्या कोंड्याला नावं ठेवत बसत नाहीत.

1972 सालच्या 'ल व्हियाजे'बद्दल न सांगता पुढे जाववत नाही. फ्रान्समध्ये घर विकत घेण्याची एक अजब रीत आहे, व्हियाजे. म्हाताऱ्या मालकाला तो जगेल तोवर दरमहा ठरावीक रक्कम द्यायची, आणि तो गेला की घर तुमचं. म्हणजे मालक लवकर जाण्यात तुमचा फायदा. या चित्रपटाच्या लेखकांत 'ॲस्टेरिक्स'वाला गोसिनी होता. गालाब्रू यात डॉक्टर आहे. 1930 साली तो एका एकोणसाठ वर्षांच्या रोग्याला तपासतो आणि मनात म्हणतो, दोन वर्षं, फार तर. लगेच भावाला सांगून रोग्याचं समुद्राकाठचं घर व्हियाजेवर घ्यायला लावतो. रोगी समुद्राची हवा खाऊन ठणठणीत होतो. महायुद्ध येतं, जातं. डॉक्टरच्या घरातली माणसं एकेक करून संपतात आणि रोगी शंभरी गाठतो. यात अतिशयोक्ती आहे असं वाटत असेल तर आर्ल गावच्या झान काल्मां बाईंचं उदाहरण घ्या. त्यांचं घर एका वकिलाने 1965 साली असंच घेतलं, तेव्हा बाई नव्वदीच्या. वकील 1995 साली गेले. बाई 1997 साली, एकशे बाविसाव्या वर्षी.

गालाब्रूच्या कारकिर्दीचं भाकीतही कुणी अशाच डॉक्टरने केलं असतं तर? 2008 साली तो पंच्याऐंशी वर्षांचा होता. त्या एका वर्षात दोन गोष्टी झाल्या. दोन म्हाताऱ्या नटांच्या तालमीवरच्या एका नाटकासाठी त्याला रंगभूमीचा मोलिएर पुरस्कार मिळाला. आणि दानी बूनचा 'ब्यँव्हन्यु शे ले श्ती' हा चित्रपट आला. फ्रान्समध्ये दोन कोटींवर लोकांनी तो तिकीट काढून पाहिला. गालाब्रूचा त्यात एकच प्रसंग आहे.

हा चित्रपट मी वडिलांना दाखवला. वडील निवृत्त सरकारी नोकर, आणि चित्रपट बदलीचा. दक्षिणेतल्या उबदार गावचा एक पोस्टातला अधिकारी. त्याची बदली होते थेट उत्तरेच्या टोकाला, बेर्ग नावाच्या गावी. दक्षिणेतल्या लोकांच्या लेखी उत्तर म्हणजे थंडी, पाऊस, कोळसा आणि रानटी बोली. वडिलांना ऑर्डर हातात पडल्यापासून गोष्ट पटली. मी शेजारी बसून भाषांतर करत होतो, ते अधूनमधून "हं, हं" करत होते. मग तो अधिकारी आपल्या बायकोच्या चुलत आजोबांना भेटायला जातो, उत्तरेची माहिती विचारायला. खोलीत अंधार. खुर्चीत एक म्हातारा, अर्धा चेहरा सावलीत. गालाब्रू. तो सांगायला लागतो. आवाज घोगरा, संथ. थंडी उतरते शून्यावर, मग उणे दहा, मग उणे वीस, आणि तिथेही थांबत नाही...

"यात ते आजोबा म्हणतायत की..." मी सुरुवात केली.

"गप्प बस," वडील म्हणाले. "कळतंय."

आमच्या घरी वडिलांच्या पहिल्या दूरच्या बदलीच्या वेळी आजोळचे अण्णाआजोबा असेच ओसरीवर बसून त्या मुलखातल्या पाण्याबद्दल, विंचवांबद्दल बोलले होते. ते तिकडे कधी गेलेले नव्हते. आईने त्या रात्री ट्रंकेत दोन ब्लँकेटं जास्त भरली. मे महिना होता. वडील पडद्याकडे बघत होते आणि त्यांचे खांदे आवाज न करता हलत होते. प्रसंग संपला, अंधारातला म्हातारा अंधारात राहिला, पुढे चित्रपटाची गाडी उत्तरेला लागली. वडिलांनी मात्र मला तेवढाच भाग पुन्हा लावायला सांगितला. मग आणखी एकदा.

"हे गृहस्थ आहेत अजून?"

"नाहीत. 2016च्या जानेवारीत गेले. त्र्याण्णव वर्षांचे होते. शेवटपर्यंत काम चालू होतं."

"ह्यांचे आणखी आहेत का रे सिनेमे?"

"भरपूर आहेत. पण बहुतेक सलगमं आहेत, बाबा."

वडिलांनी चष्मा काढून पुसला. सलगम म्हणजे काय हे त्यांनी विचारलं नाही.

"असू देत," ते म्हणाले. "लाव."